भिंतीवरचे घड्याळ: बंद का पडते, चालू कसे होते

सेलवर चालणारे भिंतीवरचे घड्याळ बंद पडले की त्याचा सेकंदकाटा बहुतेक वेळा नऊच्या आसपास सापडतो. स्टुलावर चढून जवळून पाहिले तर तो पुरता थांबलेलाही नसतो. दर सेकंदाला उचकी लागल्यासारखा वर उडतो आणि पुन्हा होता तिथेच येतो. सहापासून बारापर्यंत काट्याला चढण असते, आणि नऊवर तो आडवा असताना त्याचे वजन आसावर सर्वांत जास्त भार टाकते. आतली ताकद कमी पडू लागली की पहिली हार याच जागी होते. नऊवर उचक्या देणारे घड्याळ त्यामुळे ‘गेलेले’ समजू नये. त्याचे सर्किट आणि कॉइल शाबूत आहेत. एक तर ताकद कमी पडते आहे, नाहीतर कुठेतरी अडथळा वाढला आहे. याउलट काटा भलत्याच जागी, चार-पाचच्या मध्ये वगैरे, निश्चल उभा असेल तर आतपर्यंत वीज पोचत नाही किंवा आत काही तुटले आहे, असे धरून चालावे. घड्याळ भिंतीवरून उतरवण्याआधी हे पाहून घेतले तर पुढची बरीच शोधाशोध वाचते.

रायगडच्या किनारपट्टीवर, म्हणजे मांडवा-किहीमपासून अलिबाग, रेवदंडा, मुरूड, दिवेआगर, श्रीवर्धन ते हरिहरेश्वरपर्यंत, घड्याळे बंद पडण्याचे निमित्त बहुधा हवा असते. समुद्राच्या लाटा फुटताना उडालेले खाऱ्या पाण्याचे सूक्ष्म तुषार वाऱ्याबरोबर गावात येतात आणि खिडकीच्या गजांपासून घड्याळाच्या आतल्या पत्त्यांपर्यंत सगळ्यांवर मिठाचा न दिसणारा थर चढवतात. कोरड्या दिवसांत हा थर फारसा उपद्रव देत नाही. पण हवेतली सापेक्ष आर्द्रता सुमारे ७५ टक्क्यांच्या वर गेली की मीठ हवेतले पाणी ओढून विरघळू लागते. श्रावणात स्वयंपाकघरातल्या बरणीत मिठाला पाणी सुटते, ते याच कारणाने. तेच पाणी सेलच्या टोकाशी सुटले की धातूवर खाऱ्या द्रावाचा पातळ पापुद्रा बसतो आणि गंजायला सुरुवात होते. जून ते सप्टेंबर या किनाऱ्यावर आर्द्रता त्या मर्यादेच्या वरच असते. दिवाळीत घर झाडताना जी घड्याळे बंद सापडतात, त्यांतल्या बऱ्याच घड्याळांचे दुखणे पावसाळ्यात सुरू झालेले असते.

कुठल्याही सेलच्या घड्याळाचे दोन भाग असतात. एक म्हणजे दिसणारे घड्याळ: चौकट, डायल, काटे, काच. दुसरा भाग पाठीमागची काळी प्लास्टिकची डबी. बाजारात तिला ‘मशीन’च म्हणतात. ही डबी चौरस असते, बाजू साधारण ५६ मिलिमीटर, आणि बहुतेक सगळ्या साध्या घड्याळांत ती जवळपास एकाच मापाची असते. भारतातली भिंतीवरची घड्याळे मोठ्या प्रमाणात गुजरातेतल्या मोरबीत तयार होतात. तिथे हा धंदा काही दशकांत इतका वाढला की गावाची ओळख कौले आणि टाइल्सबरोबर घड्याळांचीही झाली. नाव कोणतेही असो, आतले मशीन एकाच घडणीचे, म्हणून एकाचे मशीन दुसऱ्यात बसते. वास्तुशांतीत आलेले, डायलवर ‘सप्रेम भेट’ छापलेले किंवा पतसंस्थेच्या वर्धापनदिनाला मिळालेले घड्याळ टाकून नवे आणणारा माणूस खरे तर चांगली चौकट, चांगली काच आणि चांगले काटे टाकून देत असतो. बिघडलेली असते ती मागची डबी, आणि पुष्कळदा तीही नाही.

या डबीत काय चालते हे ठाऊक असले की दोष शोधणे सोपे जाते. आत तांदळाच्या दाण्याहून थोडी मोठी धातूची नळी असते. तिच्यात चिमट्याच्या आकाराचा क्वार्ट्झचा, म्हणजे गारगोटीच्या जातीचाच, स्फटिक असतो. अशा स्फटिकावर दाब दिला की त्यावर विद्युतभार येतो, हे प्येर आणि जाक क्युरी या भावांनी १८८० मध्ये दाखवले. उलटही घडते: वीज दिली की स्फटिक कंप पावतो, आणि त्याची कंपने कमालीची नियमित असतात. अमेरिकेतल्या बेल प्रयोगशाळेत १९२७ मध्ये या गुणावर पहिले क्वार्ट्झ घड्याळ चालले, तेव्हा त्याला खोलीभर सामान लागत होते. जपानच्या सेइको कंपनीने २५ डिसेंबर १९६९ रोजी क्वार्ट्झचे पहिले मनगटी घड्याळ विक्रीला आणले, आणि पुढच्या काही वर्षांत हेच तंत्र स्वस्त होत होत भिंतीवर आले. घरच्या घड्याळातला स्फटिक सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो. हा आकडा मुद्दाम निवडलेला आहे. त्याची पंधरा वेळा निमपट केली की बरोबर एक उरतो, आणि निमपट करणारे सर्किट बनवणे सर्वांत सोपे.

अशा रीतीने दर सेकंदाला एक विजेचा ठोका मिळतो. तो एका बारीक तारेच्या कॉइलमध्ये जातो. कॉइलमुळे पातळ लोखंडी पट्टी क्षणभर चुंबक बनते आणि तिच्या दोन टोकांमध्ये बसवलेला छोटासा गोल चुंबक अर्धी फेरी फिरतो. पुढच्या ठोक्याला विजेची दिशा उलटी, म्हणून चुंबक पुढची अर्धी फेरी पुरी करतो. मारियुस लाव्हे या फ्रेंच अभियंत्याने १९३६ मध्ये या मोटारीची कल्पना मांडली. ती आजही जवळपास तशीच वापरात आहे. चुंबक मिनिटाला ३० फेऱ्या मारतो. दात्यांच्या प्लास्टिक चक्रांनी त्या तीसपट कमी केल्या की सेकंदकाटा फिरतो, आणखी साठपट कमी केल्या की मिनिटकाटा, त्यापुढे बारापट कमी केल्या की तासकाटा. एवढीच सगळी यंत्रणा. घर्षण वाढले तर ते ओलांडण्याची ताकद तिच्यात फारशी नसते, कारण वर्षभर एकाच सेलवर चालायचे तर दर ठोक्याला वीज चिमूटभरच खर्चता येते.

दुरुस्तीची सुरुवात सेलपासून होते, आणि इथेच सर्वांत जास्त फसगत होते. घरोघरी घड्याळात रिमोटमधून किंवा खेळण्यातून काढलेला सेल घातला जातो. घड्याळ चार दिवस चालते, थांबते, आणि मशीन खराब असल्याचा निवाडा होतो. तपासणी करताना बंद पाकिटातला नवा सेल घ्यावा. नव्या पेन्सिल सेलचा दाब दीड व्होल्ट किंवा किंचित जास्त असतो. तो १.२ व्होल्टच्या आसपास घसरला की पुष्कळ घड्याळे नऊच्या चढणीवर धापा टाकू लागतात. चार्ज होणारे सेल मुळातच १.२ व्होल्टचे असतात, म्हणून भिंतीवरच्या घड्याळाला ते बेताचेच. साध्या घड्याळाला साधा कार्बन-झिंक सेल पुरतो. महागडा अल्कलाइन सेल जास्त टिकतो खरा, पण त्यामुळे दोन-दोन वर्षे घड्याळ कोणी उतरवत नाही, आणि विसरलेला सेल पाझरतो. किनाऱ्यावर तरी दरवर्षी पावसाळ्याआधी सेल बदललेला परवडला.

सेल काढल्यावर त्याच्या खणात काय दिसते ते उजेडात पाहावे. पांढरी भुकटी किंवा ओलसर खार असेल तर सेल पाझरला आहे. पितळेवर किंवा तांब्यावर हिरवट थर असेल तर तो कळंक. तांबूस डाग म्हणजे लोखंडी पत्तीचा वरचा निकेलचा मुलामा गेला आणि आतले पोलाद गंजले. पाझरलेल्या द्रावाला उपाय सेलच्या जातीप्रमाणे वेगळा. अल्कलाइन सेलमधून पाझरतो तो क्षार, पोटॅशियम हायड्रॉक्साइड. त्याला लिंबाच्या रसाचा किंवा व्हिनेगरचा बोळा चालतो. कार्बन-झिंक सेलमधला द्राव आम्लधर्मी असतो, त्याला पाण्यात कालवलेला खाण्याचा सोडा. कापसाची काडी किंचित ओली करून फक्त पत्तीवर फिरवावी, मग साध्या पाण्याच्या काडीने पुसावे आणि खण पूर्ण सुकू द्यावा. कोकणात आंबट म्हटले की हात आगळाच्या बाटलीकडे जातो; पितळी भांड्यांना आमसुलाचे पाणी ठीक, पण घड्याळात आगळ वापरू नये. आगळात मीठ असते, म्हणजे रोगच औषध म्हणून घातल्यासारखे होईल. ही साफसफाई बोटांनी करू नये. पाझरलेला क्षार कातडीला आणि डोळ्यांना चावतो.

उरलेला थर काढायला आधी शाळेतला खोडरबर वापरावा. त्याने पत्ती चार-सहा वेळा घासली की ती चकाकू लागते. काचकागद हा शेवटचा उपाय. तो गंजाबरोबर मुलामाही काढतो आणि पुढच्या पावसाळ्यात पत्ती दुप्पट वेगाने गंजते. मग ऋण टोकाची स्प्रिंग किंचित ओढून ताठ करावी, म्हणजे सेल घट्ट बसेल. सगळे झाल्यावर पत्तीच्या कडेने, सेल टेकतो ती जागा सोडून, पेट्रोलियम जेलीचा अगदी पातळ हात द्यावा. खारी हवा तिथवर पोचत नाही. नव्या सेलवर घड्याळ चालू झाले, तर किनाऱ्यावरच्या घड्याळांचे काम बहुतेक वेळा इथेच संपते.

नव्या सेलवरही घड्याळ रखडत असेल तर लक्ष काट्यांकडे वळवावे. घड्याळ डोळ्यांच्या पातळीवर आडवे धरून कडेने पाहिले की तीन काटे तीन वेगळ्या पातळ्यांवर दिसायला हवेत, आणि सर्वांत वरचा काचेला टेकायला नको. घड्याळ रोज ठरावीक वेळेला, उदाहरणार्थ साडेसहाच्या पुढे-मागे, थांबत असेल तर मिनिटकाटा तासकाट्याला घासतो आहे. तो बोटाने केसभर वर वळवला की पुरे. पावसाळ्यात याचे आणखी एक कारण तयार होते. डायल पुष्कळदा हार्डबोर्डचे किंवा पुठ्ठ्यावर चिकटवलेल्या कागदाचे असते. ओल धरून ते मध्ये फुगते आणि काट्यांना काचेकडे ढकलते. असे घड्याळ ऑक्टोबरच्या उन्हात आपोआप चालू होते, आणि घरात कोणाला त्याचा उलगडा होत नाही.

काचेच्या आत आणि पाठीमागे इतरही रहिवासी असतात. घड्याळाची पाठ आणि भिंत यांच्यामधली फट पालीला अंडी घालायला सोयीची. कुंभारीण माशी मशीनच्या कडेला मातीची कुपी बांधते. कधी ती वेळ लावायच्या चाकालाच चिकटते आणि चाक फिरेनासे होते. चाकाने काट्यांना पुढे ढकलायचे ते बंद झाले, म्हणजे मशीन गेले असे वाटते, पण माती ओली करून काडीने काढली की चाक मोकळे होते. मुंग्या तर सेलच्या खणातही घर करतात.

सेल, पत्त्या आणि काटे ठीक असूनही घड्याळ हलत नसेल तेव्हाच मशीनला हात घालावा. काटे आधी काढायचे. ते दाबून बसवलेले असतात, स्क्रूने नाही; सेकंदकाटा, मग मिनिटकाटा, मग तासकाटा, या क्रमाने सरळ वर ओढून निघतात. तिरके ओढले तर नळी वाकते. काट्याच्या दोन बाजूंना दोन चमचे घालून हलकेच उचलणे ही घरगुती युक्ती चांगली आहे. डायलवर आधी कागद ठेवावा, म्हणजे ओरखडा पडत नाही. काटे निघाल्यावर मधला षट्कोनी नट सोडवला की मशीन मागे मोकळे होते.

मशीनची डबी खटक्यांनी बंद केलेली असते. ती उघडायची तर पांढऱ्या कागदावर, ताटलीत उघडावी, आणि जमिनीपासून दूर. आतला चुंबक लहान असला तरी लोखंडाचे कण पकडतो. सह्याद्रीच्या बसाल्ट खडकापासून झालेल्या किनाऱ्यावरच्या वाळूत मॅग्नेटाइटचे काळे कण असतात. रेवदंड्याच्या काळ्या वाळूतून नुसता चुंबक फिरवला तरी त्याला दाढी फुटते. पायाला लागून आलेली अशी वाळू चुंबकाभोवती बसली की साफ केलेले मशीन पुन्हा अडते. आत पाहायच्या गोष्टी दोनच. एखाद्या चक्राचा दात तुटला आहे का, धागा-केस गुंतला आहे का, हे भिंगाने दिसते. कॉइलची केसासारखी तार तुटली आहे का, हे मल्टिमीटरने कळते: काही शे ओहम दाखवले तर तार सलग आहे, काहीच दाखवले नाही तर तुटली. ही तार बहुधा टोकाशी, जिथे ती सर्किटच्या पट्टीला जोडलेली असते तिथे, खाऱ्या ओलीने खाल्ली जाते. ती पुन्हा जोडणे हौशी हातांना जमले तर उत्तम, पण त्यात वेळ घालवण्यात फारसे शहाणपण नाही. प्लास्टिकच्या चक्रांना तेल मात्र कधीही देऊ नये. ती कोरडीच चालायची. तेलाने धूळ चिकटते आणि चढण आणखी अवघड होते.

नवे मशीन आणणे हीही दुरुस्तीच. घड्याळाच्या मानाने त्याची किंमत किरकोळ असते आणि तालुक्याच्या बाजारपेठेत घड्याळाच्या बहुतेक दुकानांत ते मिळते. जुने मशीन आणि काटे सोबत घेऊन जावे, कारण फसायला जागा दोनच आहेत. डायलमधून बाहेर येणाऱ्या आट्याच्या नळीची लांबी डायलच्या जाडीहून नट बसेल इतकी जास्त हवी. लाकडी डायलला लांब नळीचे मशीन लागते आणि पत्र्याच्या डायलला ते लावले तर काटे काचेला टेकतात. दुसरे, काट्यांची भोके नव्या मशीनच्या शाफ्टवर बसायला हवीत. मिनिटकाट्याचे भोक काहींत गोल असते, काहींत लांबट. काटे मोठे आणि जड असतील तर जास्त जोराचे मशीन मागावे. टिकटिक नको असेल तर काटा सरकत जाणारे मशीन मिळते, पण ते सेल जास्त खाते. बसवताना तासकाटा बरोबर बारावर, त्यावर मिनिटकाटा बरोबर बारावर, शेवटी सेकंदकाटा. मग मागच्या चाकाने काटे पूर्ण बारा तास फिरवून कुठे घासतात का ते पाहावे. हे न करता घड्याळ भिंतीवर लटकवणारा माणूस दुसऱ्या दिवशी पुन्हा स्टुलावर चढतो.

क्वार्ट्झ घड्याळ महिन्याला काही सेकंद मागे-पुढे होते, ते दोष समजू नये. असे स्फटिक सुमारे २५ अंश सेल्सिअसला बरोबर चालतील असे कापलेले असतात. त्यापेक्षा गरम झाले किंवा थंड झाले, दोन्ही वेळा ते मागेच पडतात. ३५ अंशांच्या भिंतीवर हा फरक महिन्याला दहा सेकंदांच्या आत राहतो. दिवसाला मिनिटे चुकू लागली तर मात्र ते स्फटिकाचे काम नव्हे. काटा अधूनमधून अडून ठोके वाया घालवतो आहे, आणि पुन्हा सेल-पत्तीपाशी यावे लागते. चुंबकाचा धाकही लक्षात ठेवावा. मोठ्या स्पीकरला अगदी लगत टांगलेले घड्याळ रखडू शकते. पृथ्वीचे चुंबकत्व त्या मानाने नगण्य. अलिबागची चुंबकीय वेधशाळा ते मोजते, पण घड्याळाच्या मोटारीला ते जाणवतही नाही. ही वेधशाळा अलिबागला आली ती विजेच्या धास्तीने. मुंबईत विजेवरच्या ट्राम येणार असे ठरल्यावर कुलाब्याच्या वेधशाळेतली चुंबकीय मोजणी बिघडेल हे स्पष्ट झाले आणि १९०४ मध्ये ती अलिबागला हलवण्यात आली. १८२६ मध्ये सुरू झालेल्या त्याच कुलाबा वेधशाळेच्या मूळ कामांत बंदरातल्या जहाजांसाठी अचूक वेळ ठेवणे हेही होते.

चावीच्या घड्याळांचे गणित उलटे आहे. तिथे डबी बदलता येत नाही. यंत्रच घड्याळ असते. जुन्या घरांच्या माजघरात किंवा ओटीवर अजून दिसणारी लाकडी चौकटीची ठोक्यांची घड्याळे बहुधा अमेरिकेतली अन्सोनिया किंवा सेथ थॉमस, जर्मनीतली युंगहान्स, नाहीतर किंतारो हात्तोरी यांनी १८९२ मध्ये टोकियोत काढलेल्या सेइकोशा कारखान्यातली असतात. अन्सोनियाची यंत्रसामग्री १९२९ मध्ये सोव्हिएत रशियाला विकली गेली. त्यामुळे तिचे सुटे भाग म्हणजे दुसऱ्या मोडलेल्या अन्सोनियातून काढलेले भाग. अशा घड्याळात नवे क्वार्ट्झ मशीन बसवून ‘चालू करून देणारे’ कारागीर भेटतात. ते टाळावे, दोन चाव्यांची भोके असलेल्या डायलमागे सेलची डबी लावली की उरते ते नुसते खोके.

चावीचे घड्याळ थांबण्याचे सर्वांत साधे कारण म्हणजे ते तिरके टांगलेले असणे. कान देऊन ऐकावे. टिक आणि टक यांमधले अंतर सारखे असेल तर घड्याळ तालात आहे. ‘टिक-टक… टिक-टक’ असे लंगडत असेल तर चौकट खालून डावीकडे-उजवीकडे थोडी सरकवत ताल सारखा होईपर्यंत जुळवावी आणि त्या जागी भिंतीवर पेन्सिलीची खूण करावी. रंगकाम करताना घड्याळ काढून पुन्हा लावले की ते बंद पडते, त्यामागे हेच असते. दुसरे कारण लंबकाच्या टांगणीची पातळ पोलादी पट्टी. किनाऱ्यावर तिला गंज चढतो आणि ती चिरते. लंबक डुलताना पिळल्यासारखा हलला तर पट्टी बदलायला आली.

लंबकाच्या तळाशी एक नट असतो. तो वर चढवला की लंबक आखूड होतो आणि घड्याळ जलद चालते. ये-जा मिळून एक सेकंद घेणारा लंबक सुमारे २५ सेंटिमीटर लांब असतो, आणि दिवसाला एक मिनिट फरक पाडायला त्याची लांबी जेमतेम एक तृतीयांश मिलिमीटर बदलावी लागते. म्हणून नटाला एका वेळी पाव-अर्धा फेरा द्यावा आणि चोवीस तास थांबावे. पितळी दांड्याचा लंबक दहा अंशांनी तापला की दिवसाला आठेक सेकंद मागे पडतो, लाकडी दांड्याचा त्याहून कमी. समुद्राकाठी दिवस-रात्रीच्या तापमानातला फरक घाटावरच्यापेक्षा कमी, त्यामुळे पत्त्या खाणारी ही हवा लंबकाला मात्र मानवते. वेळ जुळवायची ती मोबाइलशी. भारतीय प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून लागू झाली, तरी मुंबईत तिच्याहून ३९ मिनिटे मागे असलेली ‘बॉम्बे टाइम’ १९५५ पर्यंत चालू होती. अलिबाग जवळपास मुंबईच्याच रेखांशावर असल्याने तिथला सूर्य आजही सरासरी साधारण तेवढ्याच उशिराने, पाऊण वाजण्याच्या थोडे आधी, माथ्यावर येतो.

ठोक्यांची चूक हा घरोघरचा तक्रारीचा विषय. तीन वाजता सात टोल पडतात, कारण जुन्या अमेरिकी घड्याळांत ठोके मोजणारे चक्र काट्यांना बांधलेले नसते. ते एक, दोन, तीन असे आपल्याच क्रमाने पुढे जाते. अर्ध्या तासाचा एकेक टोल धरून बारा तासांत ९० टोल पडतात. काटे घाईने फिरवले किंवा ठोक्यांची चावी संपली की चक्र मागे राहते. डायलखाली किंवा आत एक तार किंवा कांडी असते. ती उचलून टोल वाजवत चक्राला हव्या तासापर्यंत आणायचे. वेळ लावताना काटा पुढेच न्यावा, आणि दर तासाला-अर्ध्या तासाला थांबून टोल पुरे होऊ द्यावेत.

तेलाबाबत कोकणात एक जुनी सवय नडते. हाताशी खोबरेल असते, आणि ते घातल्यावर घड्याळ चार दिवस छान चालतेही. पण खोबरेल २४-२५ अंशांखाली थिजते. थंडीच्या पहाटे बाटलीत जे होते तेच चक्राच्या आसाशी होते, आणि पुढे ते चिकट होऊन धूळ धरते. शिलाई यंत्राचे तेलही पसरते आणि जागेवर राहत नाही. घड्याळाचे तेल वेगळे मिळते. सुईच्या टोकावर मावेल एवढा थेंब आसाच्या टोकांना द्यावा, दात्यांना नाही. याहून पुढचे काम, म्हणजे पितळी पाट्या सोडवून चक्रे धुणे, जाणत्या घड्याळजीचे. चावी भरलेली मुख्य स्प्रिंग आठ दिवसांची ताकद साठवून बसलेली असते. ती उतरवून न घेता पाट्या सोडल्या तर चक्रे उडतात, दात तुटतात आणि बोटेही फाटतात.

पाण्यात भिजलेल्या घड्याळाचा प्रश्न या किनाऱ्यावर ३ जून २०२० नंतर पुष्कळांपुढे आला. त्या दुपारी निसर्ग चक्रीवादळ अलिबागच्या दक्षिणेला किनाऱ्यावर आले. श्रीवर्धन-दिवेआगरच्या नारळी-पोफळीच्या वाड्या आडव्या झाल्या, घरांची कौले आणि पत्रे उडाले, आणि अनेक गावे कित्येक दिवस विजेविना होती. मोबाइल बंद, टीव्ही बंद, अशा वेळी सेलवरचे घड्याळच काय ते चालते, तेही छपराखाली कोरडे राहिले असेल तर. भिजलेल्या घड्याळातून सेल ताबडतोब काढावा. ओल्या पत्त्यांतून वीज वाहत राहिली तर गंज कैक पटींनी वाढतो. पाणी पावसाचे असेल तर निथळवून सावलीत वाळवणे पुरते. खारे असेल तर मशीन काढून बाजारात मिळणाऱ्या शुद्ध केलेल्या पाण्याने आधी धुवावे, कारण वाळल्यावरही मीठ आत उरते आणि पुढच्या दमट दिवशी पुन्हा पाझरते. उन्हात किंवा चुलीपाशी वाळवू नये, प्लास्टिकची चक्रे वाकतात. चावीचे घड्याळ भिजले तर मुळीच चालवू नये. तसेच घड्याळजीकडे न्यावे, दोन-चार दिवसांच्या आत, पोलादी आसांना तांबेरा धरण्यापूर्वी.

घड्याळाची जागाही दुरुस्तीइतकीच महत्त्वाची. समुद्राकडच्या खिडकीसमोरची भिंत, पावसाने ओल धरणारी पश्चिमेची भिंत आणि चुलीवरची भिंत टाळावी. माजघराची आतली भिंत सर्वांत बरी. घड्याळाच्या पाठीला चार कोपऱ्यांवर बुचाचे किंवा रबराचे तुकडे चिकटवले की मागे हवा खेळती राहते आणि पालही कमी थांबते. घर पावसाळाभर बंद राहणार असेल, मुंबईकरांची बरीच घरे राहतात, तर निघताना घड्याळातला सेल काढून ठेवावा. बदललेल्या मशीनमधला नट, वायसर, वेळ लावायचे चाक आणि शाबूत चक्रे डबीत जपून ठेवली तर पुढच्या घड्याळाला उपयोगी पडतात. संपलेले सेल चुलीत किंवा विहिरीजवळच्या उकिरड्यात न टाकता वेगळे साठवावेत. २०२२ च्या बॅटरी कचरा नियमांनुसार ते परत गोळा करण्याची जबाबदारी उत्पादकांवर आहे, आणि तोपर्यंत झाकणाच्या कोरड्या बरणीत ते वर्षभर निमूट राहतात.